एकविसावी थाळी

श्रीनाथ कर्णिक कोणतीही गोष्ट तीनदा मोजत. भाजीवालीने पिशवीत टाकलेली लिंबं, दोरीवर वाळत घातलेले कपडे, शेअर रिक्षात आधीच कोंबलेली माणसं. कुकरच्या शिट्ट्या तीनदा मोजता येत नाहीत याची त्यांना खंत होती, म्हणून त्या ते कॅलेंडरच्या कडेला पेन्सिलीने रेघा मारून मोजत. त्यांची बायको रंजिता आल्यागेल्याला सांगायची, "सप्तपदीच्या वेळी हे भटजींना म्हणाले, सहाच झाली." त्यावर श्रीनाथ शांतपणे म्हणत, "सहाच झाली होती."

छत्तीस वर्षं त्यांनी भिवंडीच्या कोर्टात काढली, त्यातली बरीचशी साक्षीदारांचे जबाब लिहून घेण्यात. निवृत्त झाले त्या दिवशी साहेबांनी भाषणात सांगितलं की कर्णिकांनी लिहिलेला आकडा पुन्हा तपासावा लागत नाही. टाळ्या पडल्या. श्रीनाथ मात्र खाली मान घालून बसले होते, कारण मागच्या रांगेतल्या दोन म्हाताऱ्या वकिलांनी एकमेकांकडे बघितलेलं त्यांनी टिपलं होतं. त्या दोघांच्या मनात कोणता आकडा आला असेल ते त्यांना ठाऊक होतं. एकवीस.

ती भानगड अशी. कोर्टाच्या कचेरीमागे पूर्वी एक सबजेल होती. दगडी भिंती, एकच लांबलचक बराक, पुढे लोखंडी गज आणि अंगणात पाण्याचा हौद. खटला चालू असलेले कच्चे कैदी तिथे ठेवत. श्रीनाथांचे वडील वसंतराव या जेलचे कारकून. रोज संध्याकाळी कैद्यांची जेवणं झाली की गिनती करायची, वहीत आकडा लिहून सही करायची आणि घरी यायचं, हे त्यांचं काम. १९७२ सालच्या एका संध्याकाळी त्यांनी वहीत एकवीस लिहिलं. सकाळी बराक उघडली तर आत माणसं वीस. काळूराम नावाचा एक तरुण कैदी आदल्या दिवशीच पसार झाला होता आणि रात्रभर कोणाला पत्ता नव्हता.

चौकशी बसली. वसंतरावांनी स्वतःच्या हाताने लिहून दिलं, "माझा डोळा लागला होता. उठायचा कंटाळा केला. खुर्चीत बसूनच आकडा लिहिला." नोकरी गेली. पुढची सोळा वर्षं, म्हणजे मरेपर्यंत, ते कचेरीबाहेरच्या चिंचेखाली लाकडी पेटी मांडून लोकांचे अर्ज लिहीत बसले. गावाने त्यांचं नाव ठेवलं एकवीस. श्रीनाथ तेव्हा चौथीत होते. शाळेत पोरं ओरडायची, "गिनती किती?" आणि दुसरी म्हणायची, "एकवीस!" एकदा वह्या वाटताना श्रीनाथांची मोजणी एका वहीने चुकली. गुरुजी कपाळाला हात लावून म्हणाले, "बापावर गेलास!" सगळा वर्ग हसला. त्या दिवसापासून श्रीनाथ तीनदा मोजू लागले, आणि ते वाक्य पुन्हा ऐकावं लागू नये एवढ्यासाठी एक माणूस किती नीटनेटका जगू शकतो, हे त्यांनी करून दाखवलं.

जेल पुढे बंद झाली. कैदी दुसरीकडे गेले, बराकीत जुनं दप्तर साठलं, दप्तरात वाळवी झाली. आता त्या जागेची अभ्यासिका करायचं ठरलं, आणि एका कोपऱ्यात जेलच्या आठवणी लोकांच्या आवाजात ऐकायची सोय. हे काम कॉलेजात इतिहास शिकवणाऱ्या हेमाली म्हात्रेने अंगावर घेतलं. मदतीला माणूस हवा, असं तिने वाचनालयाच्या फळ्यावर लिहिलं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी दहाला श्रीनाथ तिच्यासमोर हजर. दोन पेनं, कागदाचे ताव आणि पुठ्ठा घेऊन.

मुलाखती शुक्रवारी घ्यायच्या असं ठरलं, कारण त्या दिवशी आसपासचे लूम, म्हणजे कापडाचे यंत्रमाग, बंद असतात. एरवी रेकॉर्डिंगमध्ये माणसापेक्षा लूमची खडखड जास्त यायची. पहिल्याच शुक्रवारी पेन्शनीतले एक हवालदार आले. श्रीनाथांनी पुठ्ठा मांडीवर घेतला आणि विचारलं, "आपलं नाव, वय, धंदा, राहणार?" हवालदार सावरून बसले. श्रीनाथ लिहू लागले, "विचारल्यावरून सांगतो की, सदर ठिकाणी मी नेमणुकीस असताना..." दहा मिनिटांनी हवालदार उठून उभे राहिले आणि म्हणाले, "मी आधी वकिलाला विचारून येतो." ते परत आले नाहीत.

"काका," हेमाली म्हणाली, "आपण त्यांना आरोपी नाही ना करत आहोत. गप्पा मारायच्या. मशीन सगळं ऐकतंय, तुम्ही पेन खाली ठेवा."

"मशीनला सही करता येते का?" श्रीनाथांनी विचारलं.

पण त्यांनी पेन खिशात ठेवलं. हळूहळू त्यांना जमू लागलं. फक्त एक खोड जाईना. कोणी काहीही सांगत असो, मच्छर असोत की उपोषण, शेवटी श्रीनाथ घसा साफ करून विचारत, "संध्याकाळच्या गिनतीला जेल कारकून खुर्चीतून उठत असत का?"

कामतघरचे एक म्हातारे लूम कामगार, अन्सारी चाचा, ते संपाच्या वेळी आठवडाभर आत होते. ते म्हणाले, "नहीं साहब, वो क्लर्क कुर्सी से उठता ही नहीं था, ऐसा सुना है."

"सुना है म्हणजे कोणाकडून?"

"सब बोलते हैं."

"तुम्ही स्वतः बघितलं?"

"हम तो अट्ठहत्तर में गए थे. वो तब था भी नहीं."

"मग हा ऐकीव पुरावा झाला," श्रीनाथ म्हणाले, जरा जोरातच. चाचांनी हेमालीकडे बघितलं. चहा आला म्हणून वेळ निभावली.

चाचा गेल्यावर हेमालीने मशीन बंद केलं आणि विचारलं, "काका, कारकून तुमचे कोण होते?"

श्रीनाथांनी सांगितलं. सांगताना त्यांचे कान लाल झाले, बासष्टाव्या वर्षीही. "मला त्यांना निर्दोष ठरवायचं नाही," ते म्हणाले. "माणूस चुकला तर चुकला. पण मी त्यांना घरी बघितलंय हो. रात्री कडी लावली की दोनदा ओढून बघायचे. हा माणूस खुर्चीत बसून आकडा ठोकून देईल हे मला पटत नाही. ते उठले होते, एवढंच कोणीतरी सांगावं. ज्याने डोळ्यांनी बघितलं अशा एका माणसाने."

हेमालीने चहाचे कप गोळा केले. मग म्हणाली, "आमच्या आई सांगू शकतील कदाचित."

आई म्हणजे तिच्या सासूबाई, काल्हेरच्या बायजाबाई. त्यांच्या माहेरी जेलला जेवण पुरवायचा ठेका होता, हे हेमालीला लग्नानंतर वीस वर्षांनी, या कामाच्या निमित्ताने कळलं होतं. बायजाबाईंची आई रंगूबाई भाकऱ्या भाजायची आणि सोळा वर्षांची बायजा ते जेवण जेलमध्ये घेऊन जायची. पण हेमालीने विषय काढला की सासूबाई टीव्हीचा आवाज वाढवायच्या. दोन महिने असेच गेले. मग एके दिवशी स्वतःच म्हणाल्या, "तो कर्निकांचा पोऱ्या तुज्या कामान हाय ना? त्याला धाड. तू नको."

श्रीनाथ मशीन घेऊन काल्हेरला गेले. खाडीकाठी जिथे भातशेती आणि मिठागरं होती तिथे आता गोदामंच गोदामं, आणि त्यांच्या मधोमध म्हात्र्यांचा तिमजली बंगला. दुपारची वेळ. बायजाबाई पडवीत झोपाळ्यावर बसल्या होत्या. केस पांढरे, नाकात मोठी नथनी, हातात मोबाईल. समोर कंटेनर मागे घेणाऱ्या ड्रायव्हरला त्या बसल्या जागेवरून सूचना देत होत्या आणि तो त्या पाळतही होता.

"बस," त्या म्हणाल्या. "बापासारखाच वालका हायस. जेवतस का न्हाय?"

श्रीनाथांनी मशीन सुरू करून स्टुलावर ठेवलं. बायजाबाईंनी त्याच्याकडे एकदा संशयाने बघितलं आणि बोलायला सुरुवात केली. तांदळाच्या भाकऱ्या, माणशी तीन. डाळ. बुधवारी सुकट. जेवण घेऊन जायला हातगाडी, आणि डाळीचा डेग उचलायला गणपा नावाचा गडी. थाळ्या ठेकेदाराच्याच, म्हणजे त्याही रोज न्यायच्या आणि मोजून परत आणायच्या. कैदी अंगणात जेवत, हौदावर आपापली थाळी धूत आणि बराकीत शिरताना गजांबाहेर लादीवर पालथी मांडून ठेवत.

"आन त्याच्यावरूनच गिनती," त्या म्हणाल्या.

"कशावरून?"

"थाल्यांवरून. आत कालोख किर्र. कोन भिंतीला टेकलाय, कोन चादर घेऊन पडलाय. तोंडा कोन मोजतंय? भायेर थाल्या किती, तवडी मानसा आत. पयल्यापास्ना तशीच रीत. लिवलेली कुटं न्हाय, पन समदेच करायचे."

श्रीनाथ पुढे सरकले. इतक्या मुलाखतींत हे कोणी सांगितलं नव्हतं. "म्हणजे थाळ्या मोजायला माणसाला गजांपर्यंत यावं लागत असणार," ते म्हणाले. "खुर्ची कुठे होती?"

"दरवाज्याजवल. लांब."

"मग त्या दिवशी, आक्का, ते खुर्चीतून..."

"ही बंद कर," बायजाबाई म्हणाल्या.

श्रीनाथांनी मशीन बंद केलं. बायजाबाईंनी हात पुढे करून ते मागितलं, उलटंसुलटं करून बघितलं, लाल दिवा विझल्याची खात्री केली आणि मांडीखाली ठेवून दिलं. मग आत डोकावून सुनेला हाक मारून बघितली. हेमाली कॉलेजात होती.

"काळूराम माजा कोन व्हता म्हाईत हाय तुला?"

"नाही."

"कोनालाच म्हाईत न्हाय. आमचा ठरला व्हता, आमच्या दोगांतच. खाजनाच्या, खाऱ्या शेताच्या, बांधावरना मारामारी झाली, समोरच्याचं डोस्कं फुटलं, याला पकडला. लोक बोलाय लागले, पाच वर्षा जातंय आत. मी सोला वर्षांची. पाच वर्षा म्हंजी मना तवा सगला जलमच वाटला." त्यांनी झोपाळा पायाने थांबवला. "त्या दिवशी गनपाला मी घरीच ठेवला. पाच वाजता पहारा बदलायचा. येताना शिपाई येगला, जाताना येगला. सगले जेवत बसलेले तवा काळूराम जेवलाच न्हाय. तोंडाला फडका गुंडालला, रिकामा डेग डोक्यावं घेतला आन गेला भायेर चालत. नव्या शिपायाला वाटला गनपा. खाडीला भरती व्हती. डोंगी तयार व्हती."

"आणि थाळी?"

"थाली माज्या टोपलीनच व्हती. सगले आत गेले, थाल्या मांडल्या, वीस. एकविसावी मी ठेवली, शेवटाला, पालथी."

कंटेनरचा ड्रायव्हर जोरात हॉर्न वाजवत होता. बायजाबाईंनी तिकडे लक्ष दिलं नाही.

"मग तुजा बापूस आला. उठून आला. रोज उठून यायचा रं. हातान पेन्सिल, एकेका थालीवं टक करून मारायचा आन तोंडानं आकडा बोलायचा. एकदा मोजून झाला का उलटा मोजायचा."

श्रीनाथांच्या डोळ्यांत पाणी आलं. त्यांनी ते पुसलं नाही. एवढंच ऐकायला ते आले होते, आणि ते ऐकून झालं होतं. इथेच उठून गेले असते तर सुखी माणूस म्हणून घरी पोचले असते.

"एकवीस झाले," बायजाबाई पुढे म्हणाल्या. "तो मागं फिरला. दोन पावला गेला आन थांबला. परत आला, वाकला आन शेवटची थाली उचलली. माजी चूक झाली व्हती. बाकीच्या थाल्या धुतलेल्या, सगल्यांचा पानी निथलतंय, लादी भिजलीये. माजी कोरडी ठक्क. तिच्याखाली लादीपन सुकी. घाईघाईन भिजवायची र्‍हायली. भांडी घासनारी बाई मी, मना तवडा सुचला न्हाय. त्यानं थालीवं बोट फिरवला. मग माज्याकडं बगला."

"काय म्हणाले?"

"काय न्हाय. लय येल बगत र्‍हायला. मी टोपलीजवल बसलेली. मग त्यानं थाली व्हती तशी पालथी ठेवली. खुर्चीवं जाऊन वहीन लिवला. मना बोल्ला, पोरी, उशीर झाला, थाल्या घे आन घरी जा. सरल घरी जा."

श्रीनाथांच्या डोक्यात एक गोष्ट जागच्या जागी बसत होती. डोळा लागला होता, उठायचा कंटाळा केला, खुर्चीत बसूनच आकडा लिहिला. वडिलांनी चौकशीत हेच सांगितलं, आईला हेच, शेजाऱ्यांना हेच. त्याच शब्दांत, त्याच क्रमाने, सोळा वर्षं. खरं बोलणारा माणूस एकच गोष्ट दोनदा सारखी सांगत नाही, काहीतरी पुढेमागे होतंच. शब्दाला शब्द जुळतो तो पढवलेल्या साक्षीदाराचा. छत्तीस वर्षं श्रीनाथांनी असे साक्षीदार नुसत्या कानांनी ओळखले होते, आणि घरातला एक त्यांना ओळखता आला नव्हता.

मग त्यांना राग आला. असा राग त्यांना फार वर्षांत आला नव्हता. "आक्का, माझ्या आईने हळदीकुंकवाला जायचं सोडलं," ते म्हणाले. "बायका हसायच्या म्हणून. मी शाळा बदलली. तुम्ही एकदा, एकदा तरी कोणाला सांगायचं."

"गेलते सांगायला." बायजाबाईंचा आवाजही चढला. "तुज्या बापाकडंच गेलते. चिंचेखाली बसलेला. मी बोल्ले, साहेब, मी जाऊन सांगते, थाली मी ठेवली. त्यानं मान वर केली न्हाय. बोल्ला, अर्ज लिवायचा हाय का? नसंल तं उन्हान उभी राहू नको. मी र्‍हायले उभी. मग बोल्ला, तुजं लगीन ठरलंय ना, जा. घरच्यांनी म्हात्र्यांकडं ठरवला व्हता. मी गेले. भ्याले व्हते, गेले. चांगली न्हाय वागले मी."

"आणि काळूराम?"

"सा महिन्यांनी येतू, बोल्लेला." बायजाबाई एकदम हसल्या. "कुटला. उरनला गेला म्हनतात, आन तिकडना कुटं कुनाला ठावं. ज्याच्यासाठी केला तो गेला तो गेला. आन तुमच्या घराचा मातेरा झाला."

त्यांनी मांडीखालचं मशीन काढून श्रीनाथांच्या हातात दिलं. "माजा मालक जाऊन सा वर्षा झाली. त्याला कदी कलला न्हाय. पोरांना म्हाईत न्हाय, सुनेला न्हाय. मी आता किती दीस? वाटला, तुज्या बापाचं तुज्याकडं देऊन टाकावा. आता सांगायचं का न्हाय, ते तू जानं आन तुजा बापूस जानं."

रिक्षात श्रीनाथांनी माणसं मोजली नाहीत. बाजारात दहा लिंबं घेतली आणि पिशवी तशीच उचलली. घरी रंजिताने ती ओट्यावर ओतली. "नऊच आहेत," ती म्हणाली आणि नवऱ्याच्या कपाळाला हात लावून बघितला.

पुढचे पंधरा दिवस ते स्वतःशीच कज्जा चालवत राहिले. सांगितलं तर वडील झोपाळू, आळशी ठरत नाहीत. उलट गावात त्यांचं नाव होईल, एका पोरीला वाचवलं म्हणून लोक हळहळतील. बायजाबाईंनी मनाई तर केली नव्हतीच. दुसरीकडे कायद्याने बघितलं तर डुलकी परवडली, जाणूनबुजून खोटा आकडा लिहिणं हे फार वाईट. आणि त्या तिमजली बंगल्यात एकोणसत्तर वर्षांची बाई, जिच्या एका शब्दावर कंटेनर मागेपुढे होतात, तिच्याकडे तिचीच पोरं कोणत्या नजरेने बघतील? कदाचित काहीच होणार नाही. कदाचित सगळं होईल. वडिलांनी हा हिशेब एका संध्याकाळी, उभ्या उभ्या केला होता. मुलाला पंधरा दिवस पुरत नव्हते.

तिकडे हेमालीने मशीनमधला अर्धा तास ऐकला आणि ती हरखून गेली. थाळ्यांवरून गिनती! तिने कुठून तरी ॲल्युमिनियमच्या एकवीस जुन्या थाळ्या मिळवल्या आणि बराकीतल्या गजांसमोर रांगेत पालथ्या मांडल्या. अभ्यासिका उघडायच्या आदल्या शुक्रवारी ती म्हणाली, "काका, एक मुलाखत राहिलीय. तुमची."

जुनी खुर्ची दप्तराच्या ढिगाखाली सापडली होती. श्रीनाथ तिच्यावर बसले. समोर थाळ्यांची रांग. हेमालीने मशीन सुरू केलं. वडील कसे होते, घरी काय आणायचे, चिंचेखाली कोण कोण यायचं, हे सगळं झालं. मग ती थोडी पुढे झुकली. हुशार बाई, कित्येक महिने माणसांच्या आठवणी चाळत बसलेली.

"काका, मला एक कोडं पडलंय. आई म्हणतात गिनती थाळ्यांवरून व्हायची. तुमचं म्हणणं, वडील नक्की उठले असणार. उठले असतील तर त्यांना थाळ्या दिसल्या वीस, किंवा एकवीस. वीस दिसल्या असत्या तर त्यांनी वीसच लिहिलं असतं. एकवीस दिसल्या असतील, तर मग एक थाळी जास्तीची कोणीतरी..." ती थांबली. थाळ्यांकडे बघू लागली. थाळ्यांना हात लावणारी माणसं जेलमध्ये किती, हे मोजायला तिला फार वेळ लागला नसता.

श्रीनाथांनी खुर्चीच्या दोन्ही हातांवर हात ठेवले. आयुष्यात त्यांनी शपथेवर कधी काही सांगितलं नव्हतं, नेहमी दुसऱ्याचं लिहून घेतलं होतं. त्यांना वाटलं होतं, ही वेळ आली की आवाज कापेल. कापला नाही.

"माझी समजूत चुकीची होती," ते म्हणाले. "ते उठलेच नव्हते. त्यांचा डोळा लागला होता. उठायचा कंटाळा केला. खुर्चीत बसूनच आकडा लिहिला. थाळ्या कोणी मोजल्याच नाहीत, त्यामुळे त्या वीस होत्या की एकवीस हा प्रश्नच येत नाही."

"पण काका, तुम्ही तर म्हणत होता..."

"मुलगा होतो ना मी. मुलांना असं वाटतं. त्यांनी स्वतः लिहून दिलंय, मी स्वतः घरी ऐकलंय. माझ्या सांगण्याप्रमाणे हे बरोबर आहे." आणि सवयीने त्यांचा हात सही करायला खिशातल्या पेनाकडे गेला.

हेमालीने मशीन बंद केलं. तिचा चेहरा पडला होता, त्यांच्यासाठीच. "सॉरी काका," ती म्हणाली. "तुमच्या मनासारखं काही सापडलं नाही."

"असू दे," श्रीनाथ म्हणाले. त्यांना वाईट वाटलं, आणि त्याच वेळी फार वर्षांनी छातीत हलकं वाटलं.

पुढच्या शुक्रवारी अभ्यासिका उघडली. भाषणं झाली, नारळ फुटला, पोरापोरींनी टेबलं पकडली. कोपऱ्यात गजांजवळ ऐकायची सोय होती. बटण दाबायचं, कानाला यंत्र लावायचं. श्रीनाथ त्या जुन्या खुर्चीवर बसून कोणाला कोणतं बटण ते सांगत होते. मधूनच एखादा म्हातारा त्यांचा जबाब ऐकून यंत्र काढून ठेवायचा आणि शेजारच्याला हळूच सांगायचा, "बघ, पोरगासुद्धा कबूल करतो." ते श्रीनाथांना ऐकू येत होतं.

बायजाबाई सुनेचा हात धरून आल्या. हिरवं नऊवारी लुगडं, डोक्यात अबोलीचा गजरा. थाळ्यांच्या रांगेपाशी जरा थबकल्या, पण खाली बघितलं नाही. "कर्निकांचा कंचा?" त्यांनी विचारलं. श्रीनाथांनी बटण दाबून दिलं. हेमालीने त्यांच्या कानाला यंत्र लावलं आणि ती पाहुण्यांकडे गेली.

बायजाबाई उभ्या उभ्या ऐकत राहिल्या. सहा मिनिटांचं ते बोलणं. श्रीनाथ त्यांच्या तोंडाकडे बघत होते. शेवटाला त्यांनी डोळे मिटले. मग यंत्र काढून, नीट गुंडाळून जागेवर ठेवलं. गजाला धरून उभ्या राहिल्या.

"बापावं गेलास रं," त्या म्हणाल्या.

श्रीनाथ खुर्चीतून उठले आणि त्यांनी ती बायजाबाईंना बसायला दिली.